मालिकेचे निर्णय कोण घेते? दूरचित्रवाणीतील दिग्दर्शक आणि निर्माता यांच्या कामाविषयी

विजया मेहता यांचा जन्म १९३४ साली बडोद्यात झाला, ही गोष्ट आपल्या शहरातील मराठी मंडळी अभिमानाने सांगतात. चिमणरावाचे जनक चि. वि. जोशी बडोदे कॉलेजात पाली भाषा शिकवीत असत, ही दुसरी गोष्टही त्याच दमात सांगितली जाते. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि दोन्हींचा दूरचित्रवाणीशी संबंध आहे, कारण मेहता यांनी रंगभूमी आणि चित्रपट यांच्या जोडीने दूरचित्रवाणीसाठीही दिग्दर्शन केले, आणि सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबई दूरदर्शनवर दिलीप प्रभावळकर व बाळ कर्वे यांनी साकारलेल्या चिमणराव-गुंड्याभाऊंमुळे मराठी प्रेक्षकाला मालिकेची गोडी लागली. मात्र बडोद्याच्याच दांडिया बाजारातल्या किंवा वाडीतल्या घरात एखादी मुलगी ‘मला मालिकांच्या दिग्दर्शनात जायचे आहे’ असे म्हणाली, तर हे काम नेमके काय असते, त्याचे पैसे कोण देते आणि आज दिग्दर्शक असलेली व्यक्ती उद्या निर्माता कशी होते, हे तिला सहसा कोणालाच नीट सांगता येत नाही. पुढील विवेचन त्या प्रश्नांपुरते आहे.

सर्वसाधारण समज असा की दिग्दर्शक कला पाहतो आणि निर्माता पैसा पाहतो. चित्रपटाच्या बाबतीत हा समज बऱ्याच अंशी चालून जातो; दूरचित्रवाणीत मात्र तो फार काळ टिकत नाही. येथे कलेचा जवळजवळ प्रत्येक निर्णय वेळेच्या आणि खर्चाच्या हिशेबात गुंतलेला असतो. मालिकेतील माणसे सतत एकाच दिवाणखान्यात का भांडतात, या तक्रारीचे उत्तर लेखकाच्या कल्पनादारिद्र्यात शोधण्याआधी हिशेबाच्या वहीत शोधावे. दिवाणखान्याचा सेट एकदा उभारला की त्याचा खर्च शेकडो भागांवर विभागला जातो, तेथील प्रकाशयोजना बहुतांशी तयार असते आणि दिवसभरात अनेक दृश्ये उरकता येतात. याउलट बाहेरच्या एका दिवसासाठी परवानगी, वाहने, जनरेटर, जेवण आणि गर्दी आवरणारी माणसे लागतात, आणि सायंकाळी हाती पडणारी दृश्ये कमी असतात. म्हणून ‘हा प्रसंग बाहेर घ्यायचा की घरात’ हे ठरवणारी व्यक्ती एकाच वेळी दिग्दर्शन आणि निर्मिती करीत असते, मग श्रेयनामावलीत तिचे नाव कोठेही असो.

दिग्दर्शकाचे प्रत्यक्ष काम कसे चालते, हे चित्रीकरणाच्या पद्धतीवर अवलंबून असते. एका कॅमेऱ्याने काम करायचे असेल तर दृश्याचे तुकडे पाडून, प्रत्येक तुकड्यासाठी कॅमेरा व दिवे हलवून ते टिपले जाते, आणि सगळे जोडण्याचे काम पुढे संकलकाच्या टेबलावर होते. स्टुडिओतील बहुकॅमेरा पद्धतीत मात्र तीन किंवा अधिक कॅमेरे एकाच वेळी चालू असतात आणि दिग्दर्शक नटांजवळ नसतोच. तो नियंत्रण कक्षात, म्हणजे सगळे ज्याला पीसीआर म्हणतात तेथे, मॉनिटरांच्या रांगेसमोर बसतो. टॉकबॅकवरून, म्हणजे कानात बोलणाऱ्या यंत्रणेवरून, कॅमेरामनना आणि नटांजवळ उभ्या असलेल्या फ्लोअर मॅनेजरला सूचना देतो. आणि कोणत्या क्षणी कोणत्या कॅमेऱ्याचे चित्र घ्यायचे हे व्हिजन मिक्सरवर, म्हणजे कॅमेऱ्यांची चित्रे बदलणाऱ्या यंत्रावर, बसलेल्या सहकाऱ्याला सांगतो. दृश्य संपते तेव्हा त्याचे प्राथमिक संकलनही झालेले असते. येथे चूक सुधारायला फारसा वाव नसतो, म्हणून नटांच्या हालचाली आणि कॅमेऱ्यांच्या जागा आधी कागदावर पक्क्या कराव्या लागतात. रंगभूमीवरून आलेल्या माणसांना ही पद्धत लवकर साधली, यात नवल नाही. सलग दहा मिनिटांचा प्रवेश नटांकडून बसवून घेण्याची सवय त्यांना होती आणि तालमीविना काम करण्याची सवय नव्हती.

आता पैशाकडे वळू, कारण या क्षेत्रातील कारकिर्दींची वळणे तेथेच कळतात. भारतात दूरचित्रवाणी १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत सुरू झाली, मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले, आणि १९७६ पर्यंत हा सगळा कारभार आकाशवाणीच्या छत्राखाली होता. त्या व्यवस्थेत निर्माता हा पगारी कर्मचारी असे. विषय सुचवणे, संहिता लिहवून घेणे, कलावंत निवडणे, स्टुडिओ मिळवणे आणि पीसीआरमध्ये बसून दिग्दर्शन करणे ही सगळी कामे त्याच्याकडेच असत. त्याला स्वतःचा एक रुपयाही गुंतवावा लागत नसे आणि कार्यक्रम लोकप्रिय झाला म्हणून वरचे काही मिळतही नसे. एकाच आठवड्यात मुलांचा कार्यक्रम, शेतीविषयक चर्चा, नाट्यप्रवेश आणि एखाद्या गायकाची मैफल असे सगळे त्याच्या वाट्याला येई. जुन्या पिढीतील दूरदर्शनच्या माणसांचा अष्टपैलूपणा बऱ्याच अंशी या कामाच्या वाटपातून आला, असे माझे मत आहे. आवडीनिवडीला तेथे जागा फार कमी होती.

याच व्यवस्थेचा एक निराळा अवतार बडोद्याच्या शेजारी पाहायला मिळाला. १९७५ साली इस्रोने खेडा जिल्ह्यातील पीज येथे एक लहान प्रक्षेपण केंद्र सुरू केले. आजचे आणंद तेव्हा खेडा जिल्ह्यातच होते. अहमदाबादच्या अवकाश उपयोजन केंद्रात बनलेले कार्यक्रम पीजमार्फत गावोगावच्या सामूहिक संचांवर दिसत. शहरी स्टुडिओत बसून खेड्याला उपदेश करायचा नाही, गावातील लोकांचे प्रश्न त्यांच्याच भाषेत आणि शक्य तेथे त्यांच्याच सहभागातून मांडायचे, असा त्या प्रयोगाचा आग्रह होता. १९८४ साली त्याला ग्रामीण संज्ञापनासाठीचा युनेस्कोचा पुरस्कार मिळाला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेले केतन मेहता यांनी अवकाश उपयोजन केंद्रात दूरचित्रवाणी निर्माता म्हणून काम केले, पुढे ‘भवनी भवाई’ हा गुजराती चित्रपट १९८० साली केला, आणि त्याच दशकाच्या अखेरीस दूरदर्शनसाठी ‘मिस्टर योगी’ ही मालिका दिग्दर्शित केली, ज्यात नायक होते आपले मोहन गोखले. ग्रामीण शैक्षणिक कार्यक्रम, लोकनाट्याच्या अंगाने जाणारा चित्रपट आणि वधूसंशोधनाची विनोदी मालिका ही तिन्ही कामे वरवर पाहता एका माणसाची वाटत नाहीत. प्रेक्षकाकडे वळून थेट बोलणारा सूत्रधार मात्र चित्रपटातही आहे आणि मालिकेतही आहे. विषय बदलतो, माध्यम बदलते, सांगण्याची रीत मात्र त्याच हातातली राहते.

दुसरी व्यवस्था १९८४ च्या सुमारास रूढ झाली. ७ जुलै १९८४ रोजी सुरू झालेल्या ‘हम लोग’ला नूडल्स बनवणाऱ्या एका कंपनीचे प्रायोजकत्व लाभले, आणि त्यानंतर बाहेरच्या निर्मात्यांच्या मालिकांचा ओघ सुरू झाला. निर्मात्याने किंवा त्याच्या प्रायोजकाने स्वतःच्या पैशाने मालिका बनवायची, प्रक्षेपणासाठी दूरदर्शनला शुल्क द्यायचे, आणि त्या बदल्यात मिळालेली जाहिरातींची काही मिनिटे विकून खर्च भरून काढायचा, असा तो व्यवहार होता. मंजुरी सामान्यतः तेरा भागांची मिळे, कारण आठवड्याला एक याप्रमाणे तेरा भागांत वर्षाचा एक चतुर्थांश भरतो. मालिका चालली तर मुदत वाढे. रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ला आधी ५२ भागांची परवानगी होती, ती पुढे ७८ भागांपर्यंत गेली.

या व्यवस्थेत दिग्दर्शकाला दोन गोष्टी मिळाल्या. तेरा भागांची गोष्ट आधी लिहून संपवता येत असे, म्हणजे शेवट माहीत असताना सुरुवात चित्रित करता येई. आणि आठवड्याला एकच भाग द्यायचा असल्याने घाई तुलनेने कमी असे. म्हणूनच चित्रपटाचे आणि रंगभूमीचे दिग्दर्शक त्या दशकात दूरचित्रवाणीकडे वळले. कुंदन शाह यांनी दुर्गा खोटे यांच्या संस्थेसाठी ‘वागले की दुनिया’ केली, श्याम बेनेगल यांनी ‘भारत एक खोज’चे ५३ भाग केले, गोविंद निहलानी यांनी ‘तमस’ केली. त्या काळाविषयी हळवे होऊन बोलण्याची आपल्याकडे पद्धत आहे आणि ती समजण्यासारखी आहे, परंतु मंजुरीची टेबले, प्रक्षेपणाची एकच वाहिनी आणि प्रायोजक मिळेपर्यंत अडकून पडलेला पैसा हीदेखील त्याच काळाची अंगे होती. ज्याच्याकडे प्रायोजक नव्हता त्याची मालिका कागदावरच राहिली.

सई परांजपे यांच्या कारकिर्दीत या दोन्ही व्यवस्था एकामागून एक दिसतात. त्यांनी आकाशवाणीत काम केले, दिल्ली दूरदर्शनमध्ये अनेक वर्षे कार्यक्रम घडवले, मग ‘स्पर्श’, ‘चष्मेबद्दूर’ आणि ‘कथा’ हे चित्रपट दिग्दर्शित केले, आणि त्यानंतर ‘अडोस पडोस’ व ‘छोटे बडे’ या मालिकांसाठी पुन्हा छोट्या पडद्याकडे आल्या. पगारी नोकरीतून चित्रपटाकडे गेलेला माणूस परत येताना बाहेरचा दिग्दर्शक म्हणून येतो, तेव्हा संस्था तीच असली तरी त्याचा तिच्याशी असलेला व्यवहार पूर्ण बदललेला असतो. परांजपे यांची एक सोय अशी की त्या स्वतः लिहीत. दूरचित्रवाणीत संहितेवर ज्याची पकड आहे त्याला सहजी बाजूला सारता येत नाही.

विजया मेहता यांचे उदाहरण आणखी निराळे आहे, आणि शिकणाऱ्यासाठी मला ते सर्वांत उपयोगी वाटते. १९६० साली ‘रंगायन’ या नाट्यसंस्थेच्या स्थापनेत पुढाकार घेतलेल्या या दिग्दर्शिकेने एकच कथावस्तू वेगवेगळ्या माध्यमांत पुन्हा घडवण्याचे काम अनेकदा केले. जयवंत दळवी यांचे ‘बॅरिस्टर’ त्यांनी आधी रंगमंचावर आणले आणि १९८५ साली त्यावरून ‘रावसाहेब’ हा हिंदी चित्रपट केला, ज्यातील भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. महेश एलकुंचवार यांचा ‘वाडा चिरेबंदी’ त्यांनी रंगमंचावर बसवला आणि ‘हवेली बुलंद थी’ या नावाने दूरचित्रवाणीवर आणला. त्याआधी लक्ष्मीबाई टिळकांच्या आत्मकथनावरून त्यांनी ‘स्मृतिचित्रे’ हा दूरचित्रवाणीपट केला होता, आणि १९९१ साली रुग्णालयाच्या पार्श्वभूमीवरची ‘लाइफलाइन’ ही मालिका केली.

ही यादी नीट पाहिली तर तीत दूरचित्रवाणीची तीन वेगळी कामे आहेत. नाटकाचे रूपांतर करताना संवाद आधीच पारखलेले असतात आणि प्रश्न एवढाच उरतो की प्रेक्षक ज्या अंतरावरून वाडा पाहत होता ते अंतर कॅमेऱ्याने किती कमी करायचे. रंगमंचावर नटाला मागच्या रांगेपर्यंत पोहोचवावा लागणारा भाव निकटदृश्यात ओरडल्यासारखा दिसतो, म्हणून तोच नट आणि तेच वाक्य पुन्हा बसवावे लागते. आत्मकथनावरचा चित्रपट करताना दृश्येच नसतात, आठवणी असतात. त्यांतील कोणत्या दाखवायच्या आणि कोणत्या निवेदनात ठेवायच्या हे दिग्दर्शकाला ठरवावे लागते. रुग्णालयाची मालिका करताना पात्रे कायम राहतात आणि रुग्ण बदलत जातात, म्हणजे प्रत्येक भागाची एक पूर्ण होणारी गोष्ट आणि सगळ्या भागांतून वाहणारी दुसरी गोष्ट यांचा तोल सांभाळावा लागतो. मालिकेत काम करणारी माणसे या वाहत्या गोष्टीला ‘ट्रॅक’ म्हणतात, आणि कोणता ट्रॅक कोणत्या भागात पुढे सरकवायचा हे न कळणारा दिग्दर्शक कितीही सुंदर दृश्ये टिपत असला तरी मालिकेला उपयोगी पडत नाही.

तिसरी व्यवस्था खासगी वाहिन्यांची. झी टीव्ही २ ऑक्टोबर १९९२ रोजी सुरू झाली, आणि मराठीत १५ ऑगस्ट १९९९ रोजी अल्फा मराठी आली, जी आज झी मराठी म्हणून ओळखली जाते. येथे बहुतेक मालिका वाहिनीच बनवून घेते. भागामागे एक रक्कम ठरते, निर्मितीसंस्था त्या रकमेत भाग तयार करून देते, उरेल तो तिचा नफा, आणि मालिकेचे हक्क सामान्यतः वाहिनीकडे राहतात. निर्माता त्यामुळे जोखमीतून काहीसा सुटला. मात्र त्याची मालकीही गेली.

आठवड्याला पाच-सहा भाग द्यायचे म्हटल्यावर दिग्दर्शकाचे कामही फुटले. अर्ध्या तासाच्या वेळेत जाहिराती वगळून साधारण बावीस मिनिटांचा मजकूर लागतो आणि जवळजवळ तेवढाच मजकूर दररोज चित्रित व्हावा लागतो. पंगत जेवायला बसलेली असताना आत पुढचे घाणे तळले जात असावेत, तशी ही निर्मिती चालते. हाताशी तयार भागांची ‘बँक’ असली तर युनिट निवांत असते. कोणी नट आजारी पडला किंवा पावसाने दोन दिवस वाया गेले की बँक आटते आणि सकाळी लिहिलेला प्रसंग दुपारी चित्रित होतो. मालिकेचा स्वभाव सुरुवातीला ठरवणारा दिग्दर्शक एक असतो, रोजचे भाग घेणारे दिग्दर्शक दुसरे असतात, कधी दोन युनिटे समांतर चालतात, कथेची दिशा वाहिनीच्या क्रिएटिव्ह विभागाशी चर्चा करून ठरते, आणि कार्यकारी निर्माता, म्हणजे सेटवरचा ईपी, वेळ व खर्च यांवर नजर ठेवतो. हिंदीत ‘क्योंकि सास भी कभी बहू थी’चे अठराशेहून अधिक भाग झाले, एवढ्या लांबीची गोष्ट एका दिग्दर्शकाची असूच शकत नाही. हे वाईटच झाले असे मी म्हणणार नाही. मात्र या व्यवस्थेत दिग्दर्शक सहज बदलता येतो, आणि त्याला स्वतःला ते ठाऊक असते.

कोणता ट्रॅक वाढवायचा हे बऱ्याचदा आठवड्याच्या मोजणीवर ठरते. बार्क ही संस्था निवडक घरांतील मापक यंत्रांवरून कोणता कार्यक्रम किती पाहिला गेला याचा अंदाज काढते, आणि जाहिरातदार त्यावर विसंबतात. बडोद्याच्या मराठी प्रेक्षकाला या संदर्भात एक गोष्ट माहीत असावी, ती म्हणजे मराठी वाहिन्यांची साप्ताहिक क्रमवारी महाराष्ट्र आणि गोवा या बाजारपेठेवरून मांडली जाते. आपल्या घरी रोज सायंकाळी मराठी मालिका लागते, परंतु त्या क्रमवारीत आपली पसंती धरली जात नाही. मराठी मालिकेतील कुटुंब ठाणे, पुणे, नाशिक, कोल्हापूर किंवा कोकणात राहते, आणि बडोद्याच्या रावपुऱ्यात राहून दुकानात गुजराती व घरात मराठी बोलणारे कुटुंब तीत क्वचितच दिसते, याचे एक कारण येथे असावे.

अशा व्यवस्थेत टिकायचे तर अनेक दिग्दर्शक निर्मितीकडे वळतात, आणि काहींची वाट उलटीही असते. स्मिता तळवलकर यांनी मुंबई दूरदर्शनवर अनेक वर्षे बातम्या वाचल्या, ‘कळत नकळत’ आणि ‘चौकट राजा’ या चित्रपटांची निर्मिती केली, ‘सवत माझी लाडकी’चे दिग्दर्शन केले, आणि पुढे ‘अवंतिका’सारखी मालिका निर्माता म्हणून उभी केली, जिचे दिग्दर्शन संजय सूरकर यांच्याकडे होते. स्वतःला दिग्दर्शन येत असताना ते दुसऱ्यावर सोपवणे हे निर्मात्याचे अवघड काम आहे. महेश कोठारे यांनी चित्रपट-दिग्दर्शक म्हणून नाव मिळवल्यावर २०१४ साली ‘जय मल्हार’ची निर्मिती केली, पौराणिक कथेला लागणारी दृश्यकरामत त्यांच्यासाठी नवी नव्हती, नवी होती ती ती रोज पुरवण्याची शिस्त. या दोघांकडे पाहिले म्हणजे कळते की चांगला निर्माता पैसे आणतो तितक्याच काळजीने माणसे निवडतो, आणि एकदा निवडल्यावर त्यांच्यासाठी वाहिनीशी भांडतो.

कायदाही निर्मात्याच्याच बाजूला आहे. भारतीय प्रताधिकार कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता म्हणून निर्मात्याला धरले जाते आणि दृश्यध्वनिमुद्रण असल्याने मालिकेलाही तेच लागू होते. २०१२ च्या दुरुस्तीने लेखक, गीतकार व संगीतकार यांच्या स्वामित्वधनाच्या, म्हणजे रॉयल्टीच्या, हक्काला संरक्षण दिले. दिग्दर्शकाला तसा वाटा मिळाला नाही. मालिका पुन्हा दाखवली गेली किंवा मोबाइलवरच्या मंचावर चढली, तरी दिग्दर्शकाला काही मिळेल की नाही हे त्याच्या करारात काय लिहिले आहे यावरच ठरते.

बडोद्यात राहून या कामाची तयारी करता येते का, तर काही अंशी येते. सयाजीराव महाराजांनी मौलाबक्ष यांच्या हाती १८८६ साली सोपवलेल्या गायनशाळेतूनच आजची महाराजा सयाजीराव विद्यापीठाची प्रयोगजीवी कला शाखा वाढली. सूरसागराजवळच्या या शाखेत नाट्यशिक्षण मिळते, आणि नटाशी बोलायला शिकण्यासाठी त्याहून जवळची जागा शोधण्याचे कारण नाही. कॅमेरा आणि पीसीआर यांसाठी पुण्याच्या फिल्म आणि टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये दूरचित्रवाणी दिग्दर्शनाचा एक वर्षाचा अभ्यासक्रम आहे. त्यानंतर मुंबईत पहिले काम बहुधा सहायक दिग्दर्शकाचे मिळते, ज्यात दृश्यादृश्यांतील सातत्य सांभाळणे, म्हणजे कालच्या दृश्यात पदर कोणत्या खांद्यावर होता आणि पेला किती भरलेला होता याची नोंद ठेवणे, हेच वर्षभर करावे लागते. ते करीत असताना निर्मिती विभागाच्या हिशेबाच्या टेबलाजवळही बसावे: दिवसाचा खर्च कोणत्या रकान्यांत जातो, जादा वेळ कोणामुळे झाली, रद्द झालेल्या दृश्याचे पैसे कोणाच्या माथी पडले, हे तेथे स्पष्ट लिहिलेले असते. दिग्दर्शन शिकणारे सहसा त्या टेबलाकडे जात नाहीत, आणि पहिला करार समोर येतो तेव्हा त्यातील हक्कांचे कलम वकिलाला न दाखवता त्यावर सही करतात.